मासळीचा तक्ता: डोळा, कल्ला आणि काटी

४ जानेवारी

गेल्या आठवड्यात स्वयंपाकघरात वाद झाला, त्यातून हे काम निघालं. तो आधी लिहून ठेवतो. सकाळी बांगडे आले. मी डोळे बघितले आणि घ्यायचं ठरवलं. मावशींनी कल्ला उचलून नाक लावलं आणि म्हणाल्या, "परत पाठवा दादा." मदतीला असलेल्या पोरानं पाठीवर अंगठा दाबला आणि सांगितलं, चांगला कडक आहे. तीन माणसं, तीन जागा, तीन निकाल. शेवटी घेतले, शिजवले. कोणाला काही झालं नाही, पण चव ओल्या कापसासारखी लागली. आणि मावशी दिवसभर माझ्याशी बोलल्या नाहीत.

म्हणून ठरवलं: एक पानी तक्ता करायचा. तिघांपैकी कोणीही मासळी उतरवून घेतली तरी आकडा साधारण तोच आला पाहिजे. एखाद-दुसऱ्या गुणाचा फरक चालेल.

६ जानेवारी

आधी लोकांनी काय केलंय ते वाचलं. स्कॉटलंडमध्ये अ‍ॅबर्डीनला टोरी रिसर्च स्टेशन होतं. त्यांची मोजपट्टी शिजवलेल्या माशाची: वास आणि चव बघून १० पासून खाली ३ पर्यंत गुण. पद्धत चांगली, पण दारात मासळीची पाटी उघडून उभ्या असलेल्या माणसाला "थांबा, आधी शिजवून बघतो" असं कसं सांगणार? दुसरी पद्धत टास्मानियात १९८० च्या दशकात निघाली. त्यात माशाच्या प्रत्येक खुणेला दंडाचे गुण द्यायचे. शून्य म्हणजे निर्दोष, जितकं बिघडलं तितका दंड, मग बेरीज. त्यातली मला पटलेली गोष्ट ही की कोणत्याही एका खुणेला एकटीनं मासा पास किंवा नापास करता येत नाही. आमचं भांडण नेमकं तिथंच होतं.

तिसरी पद्धत जपानी संशोधकांनी १९५९ मध्ये मांडलेली 'के' किंमत, म्हणजे मासा किती शिळा झाला ते मोजणारा आकडा. ती प्रयोगशाळेतली, आपल्या कामाची नाही, पण तिच्यामुळे त्या दिवशीच्या ओल्या कापसाचा उलगडा झाला. मासा मेल्यावर स्नायूतला एटीपी, म्हणजे ऊर्जा पुरवणारा पदार्थ, टप्प्याटप्प्यानं तुटतो. मधल्या टप्प्यावर आयएमपी नावाचं संयुग साठतं आणि माशाची भरलेली, किंचित गोडसर चव बरीचशी त्याचीच असते. पुढे त्याचं इनोसिन होतं, त्याला चवच नाही. त्यापुढे हायपोझँथिन, ते कडवट. सुरुवातीचं हे सगळं माशाच्या स्वतःच्या एन्झाइममुळे होतं, जंतू कामाला लागायच्या आधी. म्हणजे मासा सडण्याच्या बराच आधी बेचव होतो. त्या दिवशीचे बांगडे बहुतेक इथंच पोचले होते.

तक्त्याचा कच्चा खर्डा केला. कातडीची चमक, अंगाचा कडकपणा, डोळ्याचा फुगवटा, बाहुलीचा रंग, कल्ल्यांचा रंग, कल्ल्यांवरचा चिकटा आणि पोट या सातांना ० ते २. कल्ल्यांच्या वासाला मात्र ० ते ३. बेरीज जास्तीत जास्त १७. वासाला एक गुण जास्त का, असं पोरानं विचारलं. मावशींनी नुसतं बघितलं त्याच्याकडे.

९ जानेवारी, सकाळी ७

बारा बांगडे आले. रात्री जाळ्यात आलेले आणि होडीवरच बर्फात घातलेले, ही खात्री करूनच मागवले होते. एक मासा डोक्याकडून धरून आडवा केला तर काठीसारखा सरळ राहिला, शेपूट खाली झुकली नाही. मेल्यावर काही वेळानं स्नायू आखडतात, तो हा ताठपणा. पुढे तो आपोआप सुटतो. गंमत अशी की अगदी आत्ताच मेलेला मासाही लवचीकच असतो. तेव्हा ताठ मासा ताजा हे खरं, पण मऊ मासा शिळाच असं नाही.

कल्ल्याचं झाकण नखानं उचललं. आत गडद लाल, प्रत्येक पाकळी सुटी, मध्ये पाण्यासारखा पारदर्शक चिकटा. नाक अगदी जवळ नेलं तर मासळीचा म्हणतात तसा वास नाहीच. चिरलेल्या काकडीचा आणि ओल्या शेवाळाचा. हा भास नव्हे. काकडी-कलिंगडाला ज्या जातीच्या संयुगांमुळे वास येतो, तीच संयुगं ताज्या माशातही तयार होतात. डोळा बाहेर फुगलेला, बाहुली काळी कुळकुळीत, वर काच बसवल्यासारखी. पाठीवरचे पट्टे ओल्या शाईसारखे.

गुण: मी ०, पोरगा १, मावशी ३. मावशींचे ३! वासाला त्यांनी २ दिले होते. चौकशी केली तर हात लसणाचे. त्याआधी पाव किलो लसूण सोलून झाला होता. तक्त्याच्या खाली पहिली सूचना गेली: हात साध्या पाण्यानं धुवायचे, वासाचा साबण नको, लसूण नंतर. आणि चार-पाच माशांनंतर दारात जाऊन दोन मिनिटं मोकळी हवा घ्यायची, कारण नाक पटकन सरावतं आणि मग सगळंच बरं वाटायला लागतं.

वाटणी केली. 'अ' गटात सहा मासे: बर्फाच्या डब्यात, थर बर्फाचा, थर माशांचा, खाली पाणी निघून जायला भोक. 'ब' गटात चार: फ्रिजमध्ये झाकून, बर्फ नाही, तापमान ५ अंश. 'क' गटात दोन: ८ ते १ अशी पाच तास ओट्यावर, खोलीत २८ अंश, मग तेही बर्फात. 'क' गटातलं काहीही कोणी खायचं नाही, हे मोठ्या अक्षरात डब्यावर लिहिलं.

९ जानेवारी, संध्याकाळी ५

'क' गटाला तिघांनी गुण दिले: ३, २, ३. चार तास बर्फात बसून ते पुन्हा चकाकायला लागलेत. कल्ले लाल. डोळा किंचित सपाट, बस्स. मावशी म्हणाल्या, "दादा, हे तर चांगलेच दिसतायत की."

इथं मला जरा घाम फुटला. बांगडा, कुपा, तारली या माशांच्या मांसात हिस्टिडिन नावाचं अमायनो आम्ल भरपूर असतं. मासा उबेत राहिला की काही जंतू त्याचं हिस्टामिन करतात. ते दिसत नाही, त्याला वास नाही, आणि मुख्य म्हणजे शिजवून जात नाही. एकदा झालं की तळा, उकडा, गोठवा, तिथंच राहतं. खाणाऱ्याचा चेहरा लाल होतो, डोकं ठणकतं, अंगाला खाज सुटते, कधी जिभेला मिरी चावल्यासारखं वाटतं, आणि हे पहिल्या घासानंतर काही मिनिटांत ते तास-दोन तासांत. लोक म्हणतात मासळीची अ‍ॅलर्जी आली. पुष्कळदा ती अ‍ॅलर्जी नसतेच, मासा उन्हात पडलेला असतो. आमच्या 'क' माशांत हिस्टामिन किती झालं असेल ते सांगायला प्रयोगशाळा लागेल. पण आमचा तक्ता त्यांना बिनदिक्कत पास करतो, हे आज कळलं. तक्त्यात भोक आहे. ते कसं बुजवायचं हे अजून सुचलेलं नाही.

११ जानेवारी

अ: ३. ब: ५. क: ७.

'ब' इतका पुढे का? बर्फात म्हणजे ० अंशाला मासा एका दिवसात जितका बिघडतो, त्याला एक धरायचं. दुसऱ्या तापमानाला वेग काढायचं सोपं गणित आहे: तापमानाला ०.१ नं गुणा, त्यात १ मिळवा, आलेल्या आकड्याचा वर्ग करा. ५ अंशाला दीडचा वर्ग, म्हणजे सव्वादोन. फ्रिजमधला एक दिवस बर्फातल्या सव्वादोन दिवसांइतका. १० अंशाला चौपट. २८ अंशाला हेच गणित लावलं तर चौदापट येतं, म्हणजे 'क' माशांचे ते पाच तास बर्फातल्या तीन दिवसांच्या जागी. मूळ गणित थंड तापमानासाठीचं आहे, २८ अंशाला तो ढोबळ अंदाजच, पण आमचे आकडे त्याच्याशी बऱ्यापैकी जुळतायत.

"फ्रिजमध्ये ठेवलंय ना, मग काय होतंय" हे वाक्य आजवर मीही शंभरदा म्हटलंय.

'अ'मधला एक आणि 'ब'मधला एक असे बिनमिठाचे वाफवले. झाकण काढल्याबरोबर येणारी पहिली वाफ नाकात घ्यायची, खरा निकाल तिच्यात. 'अ' गोडसर. 'ब'ला वास नावाचं काही नाही, ना चांगला ना वाईट.

१३ जानेवारी

आज फजिती. 'अ' डब्याचं खालचं भोक माशाच्या खवल्यांनी तुंबलं आणि रात्रभर मासे वितळलेल्या पाण्यात पोहत राहिले. सकाळी कल्ले धुतल्या कापडासारखे फिके. रंगाला २ गुण दंड. एका माशाचा डोळा बर्फाच्या खड्याला चिकटून दुधाळ झालेला, दुसऱ्या बाजूचा डोळा मात्र अजून काळाभोर! एकाच माशाला डावीकडून बघा तर ७, उजवीकडून ५.

वास मात्र जवळपास स्वच्छ, १ सुद्धा देऊ की नको असा. वाफवून बघितला, चांगला निघाला. म्हणजे फिका कल्ला पाण्यानंही होतो आणि पांढरा डोळा बर्फानंही. खोल पाण्यातून वर काढलेल्या माशाचे डोळे तर दाब कमी झाल्यानं उगीचच फुगतात. डोळ्यावर भरवसा ठेवून मी आजवर किती मासे घेतले आणि किती परत पाठवले, कोण जाणे. तक्त्यात दुरुस्ती केली: दोन्ही डोळे बघायचे आणि दोन्हींचा मिळून एकच गुण, बाहुलीचा वेगळा नाही. बेरीज आता १५.

'ब'ला नव्या बेरजेत ९. कल्ल्यांचा वास आंबूस, चिकटा गढूळ आणि दाट. पोट मऊ, दाबलं तर बरगड्यांचे काटे मांसातून सुटतायत असं वाटलं. पोटातले पाचक रस आतूनच पोट खात असतात, म्हणून भरल्या पोटाचा मासा आधी पोटाशी फाटतो. 'ब' गट बंद, टाकून दिला. पोराला वाईट वाटलं. त्यानं सकाळपासून त्याच्यावर डोळा ठेवला होता.

१५ जानेवारी

अ: ६. आज पहिल्यांदा 'मासळीचा वास' आला. इतकी वर्षं मी याला माशाचा स्वाभाविक वास समजत होतो. समुद्री माशांच्या अंगात टीएमएओ नावाचा पदार्थ असतो, त्याला वास नाही. मासा जुना होत गेला की जंतू त्याचं ट्रायमिथिल अमाइन करतात, आणि तो वास म्हणजे आपली 'मासळी'. गोड्या पाण्यातल्या बहुतेक माशांत टीएमएओ नगण्य असतो. ते बिघडतात तेव्हा हा वास न येता कुजका, मातकट वास येतो, त्यामुळे समुद्री माशावर तयार झालेलं नाक तिथं फसतं.

लिंबाचं कोडंही सुटलं. ट्रायमिथिल अमाइन अल्कधर्मी असतं. आंबट लागलं की त्याचं क्षार होऊन बसतं आणि उडत नाही, म्हणून वास जातो. मासा तितकाच जुना राहतो. तेव्हा सूचना दुसरी: वास घ्यायच्या आधी मासळीला लिंबू, व्हिनेगर, मीठ काहीही लावायचं नाही. घरी आणल्यावर आधी चोळायचं आणि मग "वास येत नाही, ताजाच आहे" म्हणायचं, असं होता कामा नये.

'क' आज १०. टाकून दिले, पिशवीत बांधून. मांजरालाही नाही.

१७ जानेवारी

अ: ९. वाफवल्यावर वाफेत आंबूसपणा आणि मागून तेलाचा खवटपणा. बांगडा तेलकट मासा, त्याचं तेल हवेनं खवटतं, ते जंतूंच्या कामापेक्षा वेगळं. मी एक घास खाल्ला, मावशींनी तोंडाजवळ नेऊन खाली ठेवला. पोरानं सगळा खाल्ला आणि म्हणाला, मसाल्यात कळणार नाही. खरं आहे. तीच तर अडचण आहे.

सीमा ठरली. ४ पर्यंत बिनधास्त घ्यायचा. ५ ते ७ असेल तर त्याच दिवशी, झणझणीत काहीतरी करून संपवायचा. ८ पासून नाही.

१९ जानेवारी

अ: १२. दहावा दिवस. कल्ले तपकिरी, कुबट-गंधकाचा वास, डोळा खळगा पडलेला. बांगड्याचं काम संपलं.

२३ जानेवारी

तक्ता बाकीच्यांवर लावून बघितला. बहुतेक ठिकाणी लागत नाही.

कोळंबीला कल्ले बघता येत नाहीत. डोकं काळं पडलं की लोक टाकतात, पण तो काळेपणा कोळंबीच्या स्वतःच्या एन्झाइमनं येतो, सफरचंद कापल्यावर काळं पडतं तसाच. ती शिळीच असेल असं नाही. डोकं लोंबायला लागलं, मांस पिचपिचीत झालं, अमोनियाचा वास आला, तेव्हा नक्की नाही. मुशीचं उलटं. तिच्या अंगात युरिया असतं, त्याचा अमोनिया होतो, त्यामुळे ताजेपणा सरला की नाकाला लगेच झोंबते. माकूल ताजं असताना कातडीवर ठिपके स्पष्ट आणि मांस पांढरं. मांस गुलाबी व्हायला लागलं की दिवस भरले. शिंपल्या जिवंत असल्या पाहिजेत. उघडी दिसली तर टिचकी मारायची, मिटली तर जिवंत, नाही मिटली तर टाकायची. याला गुणबिण काही नाही.

२७ जानेवारी

तुकडे. डोळा नाही, कल्ला नाही, पोट नाही, म्हणजे तक्त्यातल्या बहुतेक ओळी बादच. मावशी म्हणतात, "तुकडे करून कोण देतं, ज्याला डोकं दाखवायचं नाही तो." थोडा अन्याय आहे हा, पण थोडाच.

तरी बघायच्या गोष्टी आहेत. ताजं मांस किंचित आरपार दिसतं, काचेवर धुकं बसल्यासारखं. जुनं होताना ते पांढरं, खडूसारखं होतं. मांसाचे पदर एकमेकांपासून सुटून फटी पडल्या असतील तर माशाला नीट वागवलेलं नाही किंवा तो जुना आहे. कातडीखालचा गडद पट्टा लालसर हवा, तपकिरी नको. पण लाल दिसला म्हणून भुलायचं नाही, कारण कुप्याच्या तुकड्यांना कार्बन मोनॉक्साइड देऊन तो लाल रंग महिनोन् महिने टिकवता येतो. आतला काटा असेल तर त्याच्यालगतचं रक्त बघायचं: लाल, मग तपकिरी, मग आजूबाजूच्या मांसात पसरलेलं.

गोठवलेल्या पाकिटात मोकळा बर्फ साठलेला असेल तर मधे कुठंतरी ते वितळून पुन्हा गोठलेलं असण्याचा संभव मोठा. पांढरे कोरडे चट्टे म्हणजे फ्रीझरनं वाळवलेलं मांस. त्यानं आजार होत नाही, पण चघळावं लागतं. हवाबंद पाकीट मात्र फ्रिजमध्ये वितळवताना आधी फोडायचं. बॉट्युलिझम या जीवघेण्या विषबाधेच्या जंतूंचा एक प्रकार फ्रिजच्या थंडीतही वाढू शकतो आणि त्याला हवा नसलेली जागाच लागते.

२ फेब्रुवारी

आज तक्त्याची खरी परीक्षा. बांगडे आले, पाटीवर वर चमचमता बर्फ. तिघांचे गुण: ३, ३, ४. तिघांचे जवळपास सारखे! महिन्याभराच्या खटपटीचं चीज झालं असं वाटून मी पाटी आत घ्यायला सांगितली.

तेवढ्यात ९ तारखेच्या संध्याकाळचं 'क' गटाचं ३, २, ३ आठवलं. पाटी घेऊन आलेल्या काकांना विचारलं, "बर्फात कधीपासून आहेत?" ते म्हणाले, "बर्फ तर आत्ता टाकलाय की, बघा ना ताजा." मावशींनी हातातलं काम थांबवलं.

मागच्या आठवड्यात टोकदार थर्मामीटर आणला होता. मावशी त्याला 'काटी' म्हणतात आणि आजवर त्यांनी तिला हात लावला नव्हता. ती गुदद्वारातून माशाच्या पोटात सरकवली आणि आकडा थांबेपर्यंत थांबलो. १४. दुसऱ्या माशात १६. वरून बर्फ, आत १६ अंश. रात्रभर बर्फात असलेला मासा पोटात १ च्या वर नसतो. हे मासे किती तास उबेत होते ते काटी सांगत नाही, कोणतीच खूण सांगत नाही. पण बर्फ नुकताच पडलाय एवढं ती सांगते, आणि बांगड्याच्या बाबतीत तेवढं पुरे.

परत पाठवले. काका नाराज झाले. तीन गुणांचा मासा कोण परत करतं, असं त्यांनाही वाटलं असणार, आणि मला तर ते समजावून सांगताही आलं नीट. आज मासळी झालीच नाही.

दुपारी बघतो तर भिंतीवरच्या तक्त्याला डोळ्याच्याही वर, शीर्षकाच्या शेजारी, पेन्सिलीनं एक ओळ वाढलेली: "आधी पोटात काटी. ४ च्या वर असेल तर पुढचं वाचू नये." अक्षर मावशींचं. नवी प्रत छापायला द्यायची आहे. काटीला उकळत्या पाण्यात बुडवून पुसायचं, हेही त्यात घालायचं राहिलंय.